फायलीतलं सतरावं पान

१

सोमवारी सकाळी साडेदहाला भिंगकाकांनी फाइल उघडली, तर सोळाव्या पानाच्या पाठोपाठ अठरावं पान निघालं.

काकांनी पहिला दोष आपल्या बोटांना दिला. वयाबरोबर बोटं कोरडी पडली होती, दोन पानं एकदम उलटली जायची. बोट ओलं करून त्यांनी पुन्हा मोजलं. पंधरा, सोळा, अठरा. गळ्यात दोरीला बांधलेलं भिंग त्यांनी अठराच्या आकड्यावर धरलं, पण आकडा काही बदलला नाही.

"बाई, सतरा कुठाय?"

टाइपिस्टबाईंची बोटं यंत्रावर थांबली. "कुठाय म्हणजे? फायलीत."

"फायलीत नाहीये."

माजी सैनिकांचं हे मदत केंद्र म्हणजे सायकलच्या दुकानावरची एक खोली. दोन टेबलं, एक लोखंडी कपाट आणि पाऊस नसतानाही ओल धरणारी एक भिंत. काका सैन्याच्या रेकॉर्ड ऑफिसात बत्तीस वर्षं कारकून होते, शेवटी हेडक्लार्क. निवृत्त झाल्यावर घरात बसून बायकोचं डोकं खाण्यापेक्षा इथे येऊन जवानांचे अर्ज फुकट लिहून देत. भिंग लावल्याशिवाय ते साबणावरचं नावही वाचत नाहीत, असं बाई म्हणायच्या. गेलेला कागद शोधून काढण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. आज मात्र कागद त्यांच्याच कपाटातून गेला होता.

फाइल होती नायकाची. सैन्यातला हुद्दा हेच सगळ्यांच्या तोंडी त्याचं नाव झालं होतं. अकरा वर्षांपूर्वी एका रविवारी छावणीबाहेरच्या वळणावर ट्रकनं त्याला उडवलं आणि उजवा पाय गुडघ्याखाली कापावा लागला. चौकशी झाली. निष्कर्ष एका ओळीचा: सुट्टीचा दिवस, खासगी खरेदीसाठी बाहेर, कामावर नव्हता. कामावर नव्हता म्हणून अपंगत्वाचं पेन्शन नाही. पेन्शन नाही म्हणून सैनिकी दवाखाना नाही, नवा पाय नाही. सात वर्षांपूर्वी कुणी दान दिलेला पाय तो अजून पट्टे बदलून बदलून वापरत होता.

आणि शुक्रवारच्या टपालानं सतरावं पान आलं होतं. छावणीच्या गेटवरच्या रजिस्टरचं त्या रविवारचं पान. चार वाजून दहा मिनिटं, नायक बाहेर, आणि कारणाच्या रकान्यात गेटवाल्याच्या वाकड्यातिकड्या अक्षरात: 'मोठ्या साहेबांच्या हुकमानं, बंगल्याचं काम.' साहेबाच्या हुकमानं गेलेला माणूस रविवारीही कामावरच असतो. एवढंच तर सिद्ध करायचं होतं.

रेकॉर्ड ऑफिसनं प्रत पाठवायच्या ऐवजी घाईत मूळ पानच पाठवून दिलं होतं. जुन्या अर्जाला जोडलेलं होतं म्हणून तेवढं उरलं, बाकीचं रजिस्टर कधीच रद्दीत गेलं होतं. म्हणजे साऱ्या जगात हे एकच पान, आणि त्याची झेरॉक्स काढायची राहिली होती. शुक्रवारी खालचं मशीन बंद होतं. "सोमवारी काढू," असं काकाच म्हणाले होते.

सुनावणी गुरुवारी होती, आणि कोर्टानं ही शेवटची तारीख दिली होती.

२

त्या पानात काय आहे हे चार जणांना माहीत होतं. काका, टाइपिस्टबाई, केंद्राचे अध्यक्ष कर्नलसाहेब आणि स्वतः नायक. नायक शनिवारी मुलीला घेऊन कागदांवर सह्या करायला आला होता, तेव्हा काकांनी मोठ्या थाटात ते पान त्याच्यापुढे धरलं होतं. नायकानं वाचलं आणि तो गप्पच झाला. माणसाला आनंदानं असं होतं, असं काकांना वाटलं होतं.

"मी शनिवारी पाच वाजता फायलीतल्या कागदांची यादी टाइप केली," बाई म्हणाल्या. "ही बघा. सतरा: गेट रजिस्टरचं पान. मग फाइल कपाटात ठेवली, कुलूप लावलं आणि घरी गेले. मी घेतलं असं म्हणायचंय का तुम्हाला?"

"मी काहीच म्हणत नाहीये."

"तुमच्या गप्प बसण्याचाच आवाज जास्त येतो," असं म्हणून बाईंनी पदर डोळ्यांना लावला.

कपाटाच्या किल्ल्या दोन. एक काकांकडे, ती बाई रोज वापरून त्यांच्या टेबलाच्या खणात टाकत. दुसरी कर्नलसाहेबांकडे. शनिवारी पाच वाजता पान होतं, सोमवारी साडेदहाला नव्हतं. मधला रविवार.

काका खाली उतरले. सायकलवाला चाकाचा आऊट, म्हणजे वाकडेपणा, काढत बसला होता. रविवारीही तो दुकान उघडायचा, कारण घरी त्याच्या सासूबाई मुक्कामाला होत्या.

"काल वर कोणी आलं होतं का रे?"

"आले होते की. कर्नलसाहेब." चाक फिरवता फिरवता तो म्हणाला. "दहा मिनिटं होते. उतरताना मी रामराम केला तर बघितलं पण नाही. एरवी स्वतःहून विचारतात, काल चेहरा असा पडला होता की मीच विचारलं नाही काही."

ज्या 'मोठ्या साहेबांचा' त्या पानावर उल्लेख होता, ते कर्नलसाहेबांचे एकाच तुकडीतले जिवलग मित्र होते.

३

कर्नलसाहेबांनी स्वतः दार उघडलं. घरातही इस्त्रीचा शर्ट, पॉलिश केलेले बूट. काकांना बघूनही त्यांनी खुर्ची दाखवली नाही, तेव्हाच काका समजले.

"साहेब, काल तुम्ही केंद्रात आला होता."

"होय."

"सतरा नंबरचं पान नाहीये."

"माहीत आहे मला."

काका उभेच राहिले. आयुष्यभर अधिकाऱ्यांसमोर उभं राहायची सवय होती. कर्नलसाहेब खिडकीकडे तोंड करून बोलायला लागले.

"शुक्रवारी तुम्ही मला पान दाखवलंत. मला इतका आनंद झाला की मी त्या गृहस्थाला फोन केला. म्हटलं, तुझ्या बंगल्याच्या कामाला गेलेल्या पोराला अखेर न्याय मिळणार. वाटलं, तोही खूश होईल. तो म्हणाला, अरे, मी आता मोठ्या समितीवर आहे, पेपरात येईल. पान हरवू शकत नाही का? पानं हरवतातच की." ते थांबले. "मी फोन आपटायला पाहिजे होता. मी म्हटलं, बघतो."

"आणि काल बघायला आलात."

"आलो. कपाट उघडलं, फाइल काढली. काय करणार होतो, देवाशपथ सांगतो, माझं मलाच ठरवता येत नव्हतं. पण मला ठरवावंच लागलं नाही. पान नव्हतंच तिथे."

"साहेब, शनिवारी संध्याकाळी ते होतं. यादी आहे."

"मग यादी खोटी आहे. सोळा आणि अठरा. मी तीनदा बघितलं." कर्नलसाहेब वळले. त्यांचे डोळे लाल झाले होते. "आणि काका, पान नाही म्हटल्यावर मला काय वाटलं माहितेय? हायसं वाटलं. सत्तर वर्षांचा झालो, छातीवर पदकं लावून फिरतो, आणि एका पोराचा कागद चोरीला गेला म्हणून मला हायसं वाटलं. आता तुम्ही मला चोर म्हणालात तरी मी नाही म्हणणार नाही."

काका जिना उतरले. खोटं बोलणारा माणूस स्वतःला सोडवायला बोलतो, हा तर स्वतःला अडकवत होता. म्हणजे रविवारी पान नव्हतं हे खरं. मग शनिवारी संध्याकाळची यादी काय सांगत होती?

४

काकांनी यादी टेबलावर पसरली आणि भिंग लावून एकेक ओळ वाचली. मधल्या एका ओळीवर भिंग थांबलं.

'रुग्णालयाचा दाखला, तीन पाने.'

त्यांनी फाइल उघडली. दाखला दोनच पानांचा होता. मग त्यांनी टेबलाचा खण उपसून शुक्रवारी स्वतः पेन्सिलीनं केलेली कच्ची यादी काढली. तिथेही 'तीन पाने'. चूक त्यांचीच होती, आणि ती जशीच्या तशी टाइप झाली होती.

"बाई, तुम्ही ही यादी फाइल समोर ठेवून केलीत, की माझ्या कच्च्या यादीवरून?"

बाईंचा चेहरा उतरला. त्या बराच वेळ यंत्रावरचं कापड नीट करत राहिल्या.

"तुमच्याच यादीवरून," त्या हळूच म्हणाल्या. "पाच वाजले होते. फाइल नाडी बांधलेली होती, तशीच कपाटात ठेवली. उघडलीच नाही. तुमचा कागद म्हणजे बरोबरच असणार असं वाटलं. आणि सकाळी कबूल करायची लाज वाटली."

कारकुनांच्या साऱ्या दुनियेत हे असंच चालतं. कागदावरून कागद तयार होतो आणि मूळ वस्तूकडे कोणी बघत नाही. काका रागावले नाहीत, कारण त्यांनीही ते हजारदा केलं होतं.

म्हणजे पान शनिवारी पाचच्या आधीच गेलं होतं. आणि शनिवारी फाइल एकदाच उघडली गेली होती, अकरा ते एक, नायकाच्या सह्यांसाठी.

काका डोळे मिटून ते दोन तास आठवायला लागले. नायक खुर्चीत, पाय पुढे ताठ. मुलगी शेजारी, फाइल वाचायला उतावीळ. "वाचायला मग भरपूर वेळ आहे, आधी स्टॅम्प पेपर आणू, तुझ्या बाबांना जिना नको," असं म्हणून काकाच तिला घेऊन खाली गेले होते. बाई पाठमोऱ्या बसून टाइप करत होत्या. पंधरावीस मिनिटांनी परत आले तेव्हा नायक तसाच बसला होता आणि फाइल त्याच्यापुढे होती. नाडी बांधलेली.

काकांनी डोळे उघडले. सह्या व्हायच्या बाकी असताना कुठला कारकून नाडी बांधतो? त्यांनी नव्हती बांधली. बाई उठल्या नव्हत्या.

त्या पंधरा मिनिटांत फायलीजवळ एकच माणूस होता, आणि ते पान जगात सगळ्यात जास्त त्यालाच हवं असायला पाहिजे होतं.

५

मंगळवारी काका बसमध्ये फाइल मांडीवर घेऊन बसले. माणूस स्वतःच्याच हक्काचा कागद का चोरेल? पैसे घेऊन? पैसे घेणारा माणूस फाटक्या पट्ट्याचा पाय वापरत नाही.

नवव्या पानावर पोलिसांचा पंचनामा होता. रस्त्यावर सापडलेल्या वस्तू: 'एक टोपी. बायकांच्या सँडलचा एक जोड, नंबर सात, पैकी एकीची टाच नवी बसवलेली.' चौकशीवाल्यांनी यावरूनच लिहिलं होतं, पत्नीसाठी खासगी खरेदी. दहाव्या पानावर पोलिसांची पावती, दुसऱ्या दिवशीची: सँडल मिळाल्या, सही छावणीच्या जीपच्या ड्रायव्हरची.

दोन्ही पानं काकांनी दहादा वाचली होती, पण एकमेकांना कधी जोडली नव्हती. नव्या खरेदीला नवी टाच कशाला बसवतील? आणि जवानाच्या बायकोच्या सँडल सोडवायला छावणीची जीप कशाला जाईल?

नायकाच्या दाराशी चपला काढताना काका खाली वाकले. नायकाच्या बायकोच्या चपला तिथेच होत्या. इवल्याशा, फार तर चार नंबरच्या.

"वहिनी, नायक आहे का?"

"आहेत ना, या." ती हसली. "पोरगी मैदानावर पळायला गेलीय. भरतीची तयारी चाललीय तिची. बाबांसारखं व्हायचंय म्हणते. आता गुरुवारी कोर्टात सगळं कळू दे लोकांना. ट्रकखाली जाणारं पोर वाचवताना ह्यांचा पाय गेला, आणि सरकार म्हणतं सुट्टीवर होता! शाळेत तिच्या निबंधाला पहिला नंबर आला होता त्यावर."

काकांना ही गोष्ट माहीत होती. अर्जात घालू म्हटलं तेव्हा नायक दर वेळी म्हणायचा, "ते नका लिहू, काका." काका त्याला विनय समजले होते. पंचनाम्यात पोराचा कुठे उल्लेखही नव्हता.

बायको पाणी आणायला आत गेली. नायक खाटेवर बसला होता. काकांनी दार लोटून घेतलं आणि हळू आवाजात विचारलं, "नायक, सात नंबरच्या सँडल कुणाच्या होत्या रे?"

नायकानं मान खाली घातली. मग त्यानं पॅन्टचा पाय वर घेतला, पट्टे सोडले आणि लाकडी पाय काढून मांडीवर ठेवला. गुडघ्याखालचं मांस सोललेलं होतं, एका जागी पू धरला होता. पायाच्या पोकळीत हात घालून त्यानं चार घड्या घातलेला कागद काढला.

"खिशात ठेवता येत नव्हता," तो म्हणाला. "धुण्याला टाकायच्या आधी खिसे पोरगीच तपासते."

"अरे, पण का?"

"बाईसाहेबांच्या होत्या. संध्याकाळी पार्टी होती त्यांची. साहेब म्हणाले, पळत जा नि टाच बसवून आण. मी पळत गेलो. काका, पाय गेला त्याची लाज नाही वाटत. कशापायी गेला त्याची वाटते. दवाखान्यात आई आली, कसं झालं विचारायला लागली. शेजारच्या खाटेवरचा म्हणाला, कुणाचं तरी पोर वाचवलं असेल. मी हो म्हटलं नाही काका. फक्त नाही म्हटलं नाही. एवढ्यावर अकरा वर्षं निघाली. हे पान कोर्टात गेलं की बंगल्याचं कसलं काम म्हणून विचारणार, आणि पोरगी पहिल्या रांगेत बसलेली असणार."

"म्हणून स्वतःचं पेन्शन घालवायला निघालास? हा पाय बघ तुझा."

"ते एकच कारण असतं तर कदाचित दिलं असतं परत," नायक म्हणाला. "तुम्ही मागची बाजू बघितलीत का पानाची?"

६

काकांनी पान उलटलं. मागची बाजू कोरी होती, फक्त खालच्या कोपऱ्यात पेन्सिलीची फिकट खूण होती. त्यांनी भिंग लावलं.

'पाहिले.' खाली तारीख, अकरा वर्षांपूर्वीची. आणि सही: एक लांब शेपटी, तिच्याखाली दोन टिंबं.

काकांच्या हातातलं भिंग सुटून छातीवर आपटलं. ती शेपटी आणि ती टिंबं गेली चाळीस वर्षं ते रोज काढत होते.

नायकाचा अर्ज नाकारल्याचं पत्र त्यांच्याच रेकॉर्ड ऑफिसातून गेलं, हे त्यांना ठाऊक होतं. तिथे अशा कामाची तीन टेबलं होती. आपल्या टेबलावरून गेलं नसेल, असं ते धरून चालले होते, आणि खरं सांगायचं तर कधी शोधायलाही गेले नव्हते. अर्जांना जोडलेल्या कागदांचा गठ्ठा यायचा, तो पालथा घालून प्रत्येक कागदाच्या पाठीवर 'पाहिले' लिहायची पद्धत. हाताला वेग असायचा, तासाला शंभर. पुढची बाजू बघायची गरज कोणाला पडत नसे. त्या दिवशी हे पान त्यांच्या बोटांखालून गेलं होतं. त्यांनी ते उलटून फक्त एकदा वाचलं असतं, तर या माणसाला अकरा वर्षांपूर्वी पेन्शन लागलं असतं.

"दोन वर्षं तुमची सही बघतोय," नायक म्हणाला. "लगेच ओळखली. तुम्ही माझ्यासाठी एवढी पायपीट केलीत, एक रुपया घेतला नाहीत. कोर्टात तुमचं नाव निघावं असं नाही वाटलं मला."

ज्याचं काकांनी वाटोळं केलं, तोच त्यांची अब्रू सांभाळत होता, सोललेल्या पायात कागद लपवून. आणि त्याहून वाईट म्हणजे, क्षणभर त्यांना वाटलं की पान आहे तिथेच परत जाऊ दे. कोणालाच कळणार नाही. कर्नलसाहेबांना हायसं वाटलं होतं ते कसं, हे त्यांना आता नीट कळलं.

नायकाची बायको पाणी घेऊन आली. पाय काढून ठेवलेला बघून ती पुटपुटली, "पुन्हा पू झाला का?" आणि कोमट पाण्याला परत आत गेली. रोजचंच असल्यासारखं.

"गुरुवारी हे पान जाणार," काका म्हणाले. "दोन्ही बाजूंनी जाणार. माझं मी बघतो. पोरीला तू सांग. कोर्टात ऐकण्यापेक्षा तुझ्या तोंडून ऐकू दे."

"तुम्ही सांगाल का तिला?"

"नाही," काका म्हणाले. "मला स्वतःचंच सांगायचंय. तेवढं झेपलं तरी पुष्कळ."

७

गुरुवारी कोर्टाच्या व्हरांड्यात नायक आणि त्याची मुलगी बाकावर बसले होते. काका मुद्दाम खांबापलीकडे उभे राहिले, तरी शब्द ऐकू येत होते. नायकाला सांगायला पाच मिनिटंही लागली नाहीत. अकरा वर्षांची गोष्ट एवढीशीच होती.

मुलीनं एकच प्रश्न विचारला.

"मग सँडल पोचल्या का, बाबा?"

"पोचल्या. दुसऱ्या दिवशी जीप पाठवून नेल्या."

"आणि तुम्हाला बघायला कोण आलं?"

नायकानं नकारार्थी मान हलवली. मुलगी उठली आणि एकटीच आत गेली. नायक तिच्या मागे एकेक पायरी चढत गेला. रोज त्याच्या कोपराला धरणारा हात आज नव्हता.

आत नायकाच्या वकीलबाईंनी पान पुढे केलं. सरकारी वकील म्हणाले, असं अचानक उगवलेलं पान खरं कशावरून? तेव्हा मागच्या रांगेतून कर्नलसाहेब उठले. हे पान हरवावं असं मला फोनवर सुचवलं गेलं होतं, कोणी तेही सांगतो, असं म्हणाले, आणि त्यांनी नाव सांगितलंही. पुढे म्हणाले, "आणि मी बघतो म्हटलं होतं. तेही लिहून घ्या."

न्यायाधीशांनी नायकाला पान वाचायला सांगितलं. नायकानं ते हातात घेतलं. ओठ हलले, आवाज काही फुटेना. कोर्ट थांबलं होतं.

पहिल्या रांगेतून मुलगी उठली. तिनं बापाच्या हातातून पान घेतलं आणि दुसरा हात त्याच्या कोपराखाली धरला. मग खणखणीत आवाजात वेळ वाचली, नाव वाचलं, कारण वाचलं. "काम कसलं ते यात लिहिलेलं नाही," ती म्हणाली. "बाईसाहेबांच्या सँडलला टाच बसवायचं होतं. माझे बाबा हुकमानं गेले होते." तिचे कान लाल झाले होते, पण आवाज हलला नाही. वाचून झाल्यावर तिनं पान उलटलं, कारण कुठलाही कागद दोन्ही बाजूंनी वाचायची तिला सवय होती.

"मागे 'पाहिले' असं लिहिलंय. अकरा वर्षांपूर्वीची तारीख आहे. सही कोणाची ते कळत नाही."

"ही सही कोणाची?" न्यायाधीशांनी सरकारी वकिलांना विचारलं. त्यांनी खांदे उडवले.

"माझी," भिंगकाका उठून म्हणाले. "मी हेडक्लार्क होतो. पाहिलं असं लिहिलं, पण पाहिलं नव्हतं."

सगळ्यांनी वळून बघितलं. टाइपिस्टबाईंनी तोंडावर हात धरला. मुलगीही बघत होती, आणि काकांना सगळ्यात जास्त तीच नजर सोसेना. शिक्षा झाली असती तर बरं वाटलं असतं, पण न्यायाधीश फक्त "बसा" म्हणाले आणि लिहायला लागले.

निकाल दुपारीच लागला. नायक त्या रविवारी कामावर होता. पेन्शन त्या दिवसापासून, दवाखाना आणि नवा पायही. नायकाची बायको रडायला लागली. कोणीतरी काकांचे हात हातात घेतले. ते त्यांनी सोडवून घेतले.

निकालाची प्रत खालच्या खिडकीवर मिळत होती. तिथला तरुण कारकून घाईत होता. त्यानं पाच पानांचा गठ्ठा पुढे सरकवला, पाठीवरच्या कोपऱ्यावर बोट ठेवलं आणि म्हणाला, "पाहिले लिहा, सही करा."

काकांनी गठ्ठा सुलटा केला, भिंग लावलं आणि पहिल्या ओळीपासून वाचायला सुरुवात केली.

"अहो काका, मागे रांग आहे. सही करा ना नुसती."

"थांबा जरा," काका म्हणाले.

पलीकडे बाकावर नायक बसला होता. त्याचा पाय दुखत असणार. मुलगी खाली बसून त्याचा पट्टा सैल करत होती. काकांनी पहिलं पान वाचलं, उलटलं, मागची कोरी बाजूही वरपासून खालपर्यंत बघितली, आणि मग दुसरं पान घेतलं.